दाजींना दलदलीत नेमकं काय बोचत होतं

"मला आता जमत नाही. तुम्ही दोघं खेळा." दाजी एवढंच बोलले आणि कॉलवरून गेले. संक्रांतीच्या आधीचा रविवार होता, रात्रीचे पावणेअकरा. मी आणि भाची दोघंही जरा वेळ काही बोललोच नाही. स्क्रीनवर दलदलीत पाऊस पडत होता आणि चिखलात दाजींच्या दोन कबरी एकमेकींपासून वीस पावलांवर उभ्या होत्या.

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. साताऱ्यात शाहूपुरीत राहतात, एका पतसंस्थेत वसुली बघतात, वय सत्तेचाळीस. भाची पुण्यात इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. मी सांगलीत विश्रामबागला, धंदा मोटार रिवाइंडिंगचा. दिवाळीत सगळे एकत्र होतो तेव्हा भाचीनं व्हॅलहाइम हा व्हिडिओ गेम दाखवला, आणि आमच्या कुणाच्याच अपेक्षेत नसताना दाजींना त्याचं वेड लागलं. तेव्हापासून बुधवारी आणि रविवारी रात्री साडेनऊ ते अकरा, तीन गावांतून तिघं एका जगात. दाजींनी दोन महिन्यांत एकही बसणी चुकवली नव्हती. त्यामुळं त्यांचं ते वाक्य साधं नव्हतं.

खेळ ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. स्वीडनच्या आयर्न गेट या छोट्या चमूनं केलेला हा खेळ 2 फेब्रुवारी 2021 ला आला. दहाजणांपर्यंत एकत्र खेळता येतं. लाकूड तोडायचं, घर बांधायचं, शिकार करून शिजवून खायचं आणि एकेक प्रदेश पार करत पुढं जायचं. आधी कुरणं, मग काळं जंगल, मग दलदल, मग डोंगर. ऑगस्ट 2023 च्या अपडेटपासून जगाची अवघडाई बदलायची सोय आली. एकच सोपं-अवघड असं बटण नाही, पाच वेगवेगळ्या पट्ट्या आहेत: कॉम्बॅट, डेथ पेनल्टी, रिसोर्सेस, रेड्स आणि पोर्टल्स. शिवाय नकाशा बंद करणं वगैरे काही टिचक्या. तयार संचही मिळतात, पण ते मला रेडिमेड पॅनेलसारखे वाटतात. बसतात सगळीकडे, नीट कुठंच नाही.

दोन गोष्टी आधी सांगितलेल्या बऱ्या. या पट्ट्या जगाला लागू होतात, माणसाला नाही. दाजींसाठी काही सोपं केलं की भाचीलाही ते सोपं होणार. आणि चालू खेळात त्या हलत नाहीत. सगळ्यांनी बाहेर यायचं, ज्याच्या मशीनवर जग आहे त्यानं मेनूत जाऊन बदल करायचा, मग पुन्हा आत.

पहिला इलाज भाचीनं केला, तोही न सांगता. जग तेव्हा तिच्या लॅपटॉपवर होतं. तिनं कॉम्बॅट थेट व्हेरी इझीवर नेलं. म्हणजे शत्रूचा मार हलका, आपला फटका जड. बुधवारी दाजींना बहिणीनंच बळेबळे बसवलं. पाचव्या मिनिटाला दलदलीत फिरणारा ड्रॉगर नावाचा एक मुडदा त्यांच्या एका दणक्यात आडवा झाला. दाजी थबकले. पतसंस्थेत पंचवीस वर्षं काढलेला माणूस तो, रकमेत फरक पडला की त्याला आधी वास येतो.

"व्याज कुणी कमी केलं?" त्यांनी विचारलं.

भाची हसली आणि तिनं कबूल केलं. दाजी चिडले नाहीत, पण उरलेला वेळ ते कुऱ्हाड घेऊन लाकडंच तोडत बसले. भाचीचीही पंचाईत झाली. ती या खेळात आमच्यापेक्षा कितीतरी पुढं आहे, तिला सगळं वरणभात झालं. म्हणजे औषध ज्याच्यासाठी त्याला लागू पडलं नाही, आणि ज्याला काहीच झालं नव्हतं त्याची भूक गेली.

तिच्या परीक्षा आल्या तेव्हा जग माझ्याकडं आलं. जगाच्या दोन फायली असतात, एक डीबी आणि एक एफडब्ल्यूएल, त्या तिनं पाठवल्या. मी आधी त्यांची एक प्रत पेनड्राइव्हवर ठेवली. जुनं वायंडिंग कापायच्या आधी टर्न आणि गेज वहीत लिहून ठेवायची सवय आहे, तीच इथं कामी आली. कापलेलं वायंडिंग परत मोजता येत नाही.

मग मी माझ्या पद्धतीनं सुरू केलं. शेतकरी दुकानात मोटार टाकतो आणि म्हणतो जळली. कधी वायंडिंग खरंच गेलेलं असतं, कधी बेअरिंग जाम असतं, कधी एक फेज गेलेला असतो आणि मोटार बिचारी दोन फेजवर कण्हत असते. तक्रार तिन्हीत एकच. 2019 च्या ऑगस्टात कृष्णेचा पूर ओसरल्यावर दुकानाबाहेर मोटारींचा ढीग लागला होता. तेव्हापासून मी प्रत्येकीला चिठ्ठी बांधतो आणि मालकानं काय सांगितलं ते एका बाजूला, करंट मोजणाऱ्या टाँग टेस्टरनं काय दाखवलं ते दुसऱ्या बाजूला लिहितो.

तर दाजींना मी टाँग टेस्टर लावला. कॉम्बॅट नॉर्मलवर आणलं आणि चार बसण्यांत त्यांचा वेळ कुठं जातो ते घड्याळ लावून लिहिलं. नव्वद मिनिटांतली सरासरी पस्तीस नावेत. पंचवीस मेल्यावर आपल्या कबरीकडं, म्हणजे सामान पडलं तिथं, पळण्यात. पंधरा पेट्या लावण्यात आणि भट्टीजवळ उभं राहण्यात. प्रत्यक्ष लढाई पंधराच. कॉम्बॅटची पट्टी चुकीची होती हे इथंच दिसलं. नव्वदातल्या पंधरा मिनिटांवर तिचा अंमल.

आता नावेत पस्तीस मिनिटं का, हे सांगायला हवं. दलदलीत जमिनीखाली बुडालेली तळघरं आहेत, त्यांना क्रिप्ट म्हणतात. त्यांतल्या चिखलाच्या ढिगांतून लोखंडाचे तुकडे निघतात. आमच्या मुख्य घरापासून दलदलीच्या काठापर्यंत पोर्टल होतं, माणूस क्षणात जातो. पण नेहमीच्या सेटिंगला पोर्टलमधून धातू नेता येत नाही. एका तुकड्याचं वजन 10 आणि माणूस उचलतो 300, म्हणजे अंगावर दुसरं काही नसतानाही तीसच तुकडे. म्हणून नाव. दाजींनी स्वतः बांधलेली कार्व्ह होती, ब्रॉन्झचे 80 खिळे ठोकून. तिच्यात चार खणांत तीस-तीस असे 120 तुकडे मावतात. वारा उलटा असला की वल्हवत यायचं.

वही समोर ठेवली आणि मला उत्तर स्वच्छ दिसलं. सगळ्यात मोठा आकडा नावेचा. मी पोर्टल्स कॅज्युअलवर नेलं, त्यात धातूसकट सगळं जातं. वर रिसोर्सेस मच मोअरवर, म्हणजे प्रत्येक ढिगातून दुप्पट माल. आणि या वेळी सगळ्यांना आधी सांगूनही टाकलं. फार हुशारी केल्यासारखं वाटलं.

दोन बसण्यांत तिघांचं लोखंडी चिलखत झालं. दुसऱ्या बसणीला दाजी धक्क्यावर गेले, नावेत चढले, शीड उघडलं, मिटलं आणि उतरले.

"मग ही बांधली कशाला?" एवढंच म्हणाले.

मला तेव्हाही नीट कळलं नाही. कळलं ते फेब्रुवारीत, साताऱ्याला गेलो तेव्हा. सांगलीचं भडंग दिलं, कंदी पेढे घेतले, जेवणं झाली आणि आम्ही दोघं गच्चीत बसलो. समोर अजिंक्यताऱ्यावरचे दिवे. मी विषय काढला की आकडे असे असे होते, म्हणून मी नाव वगळली. दाजी माझ्याकडं असं बघत राहिले की मी त्यांना चुकीची पावती फाडून दिलीय.

"अरे, नावेसाठीच तर येतो मी."

दाजींचं गाव बामणोलीच्या पलीकडं, शिवसागराच्या काठावर. कोयनेचं पाणी वर आल्यापासून त्या गावांना बाजार, दवाखाना, लग्न, सगळं लाँचनं. लहानपणी लाँचवाल्याच्या शेजारी उभं राहून त्यांनी सुकाणू धरलंय. आता गावी जाणं वर्षातून एकदा. बुधवारी-रविवारी रात्री नाव घेऊन काठाकाठानं येताना त्यांना काय वाटत असेल, ते माझ्या वहीत कुठंच नव्हतं. पस्तीस मिनिटं लिहिली होती, ती आवडीची की त्रासाची हा रकानाच मी आखला नव्हता.

"मग बोचतंय काय?" मी विचारलं.

त्यांनी वेळ घेतला. "मरायचं काही नाही रे. मेल्यावर उघडं पळायला लागतं, ते नको वाटतं. आणि तुम्ही दोघं तिकडं नुसते थांबलेले असता. गप्प. मी कर्जदाराच्या दारात थांबतो ना, तेव्हा तो आतनं बाहेर येतो कसा, तसं वाटतं मला."

हे ऐकून मला दोन धक्के बसले. एक तर ते वाक्यच. दुसरं, आम्ही गप्प थांबायचो ते मुद्दाम, आणि त्यांच्या भल्यासाठी! या खेळात आसपास जितके खेळाडू जास्त तितका शत्रू चिवट होतो. प्रत्येक जास्तीच्या खेळाडूमागं त्याचा जीव 30 टक्क्यांनी वाढतो, मारही 4 टक्क्यांनी. आम्ही दोघं जवळ गेलो की ड्रॉगर साठ टक्के जड. म्हणून दाजी कबरीकडं जाताना आम्ही लांब, नावेपाशी उभे राहायचो. तुमचं सामान आम्ही आणतो म्हटलं तर ते नको म्हणायचे. मग आम्ही काहीच बोलायचो नाही. हिशोब बरोबर होता. माणसाला तो दिसला कसा, हे आम्ही विचारलंच नव्हतं.

सांगलीला आल्यावर वही पुन्हा उघडली आणि या वेळी मिनिटं न बघता मरणं बघितली. चार बसण्यांत सहा. त्यांतली पहिली म्हणावीत अशी दोनच, आणि दोन्ही एकाच कारणानं. ब्लॉब नावाचा हिरवा गोळा फुगतो, विषाचा ढग सोडतो आणि दाजी त्या ढगात उभं राहून गदा चालवत राहतात. उरलेली चार मरणं परतीच्या वाटेवरची.

का, ते जवळून बघण्यासारखं आहे. या खेळात जीव पोटातल्या अन्नावर चालतो. तीन वेगवेगळे पदार्थ खाऊन निघालं की अंगात ताकद भरपूर. पण मेल्यावर सामान सगळं कबरीत राहतं आणि पोटातलं अन्नही जातं. बिछान्यातून उठता तेव्हा जीव 25, अंगावर चिलखत नाही, हातात काही नाही. शिवाय सगळी कौशल्यं 5 टक्क्यांनी घसरतात. अशा अवस्थेत दाजी पोर्टलमधून काठावर यायचे आणि चिखलात उतरायचे. पाणी कमरेला, अंग ओलं असल्यानं दम भरायला उशीर, खाली जळवा. एक ड्रॉगर मागं लागला की संपलं. दुसरी कबर. मग तिसऱ्यांदा तसंच.

आमच्या धंद्यात याला ओळखीचं रूप आहे. ओव्हरलोडवर स्टार्टर ट्रिप होतो. तो ट्रिप झाला म्हणजे मोटार वाचली. पण शेतकऱ्याला पाण्याची पाळी गाठायची असते, तो पुन्हा दाबतो, पुन्हा दाबतो. वायंडिंग जळतं ते पहिल्या ट्रिपला नाही, नंतरच्या दाबण्यांत. दाजींचं तेच चाललं होतं.

म्हणजे बिघाड डेथ पेनल्टीच्या पट्टीत होता, आणि त्या पट्टीला आम्ही दोघांनीही हात लावला नव्हता. ती कॅज्युअलवर नेली की अंगावर चढवलेलं आणि हातात धरलेलं मेल्यानंतरही तुमच्याकडंच राहतं, बाकीची पिशवी तेवढी कबरीत जाते. जेवण तरीही जातंच, पण घरच्या पेटीतून दोन घास खाऊन चिलखतानिशी निघता येतं. उघडं पळणं बंद.

भाचीला फोन केला. तिची हरकत होती, आणि ती वायफळ नव्हती. "मामा, मरायची भीतीच गेली तर दलदलीत उरलं काय? तू नाव परत ठेवतोयस आणि मरण काढतोयस, हे उलटं नाही का?" मी म्हटलं, "मरण काढत नाही गं, फक्त त्यानंतरची धिंड काढतोय." ती पुटपुटली, पण तयार झाली. तिची एक अट मात्र मी मानली: कॉम्बॅट नॉर्मलच्या खाली जाणार नाही.

शेवटी ठरलं ते असं. कॉम्बॅट नॉर्मल. पोर्टल्स नॉर्मल, म्हणजे लोखंड पुन्हा नावेनंच. डेथ पेनल्टी कॅज्युअल. रिसोर्सेस मोअर, म्हणजे दीडपट, कारण ढीग खणत बसण्यात कुणालाच रस नव्हता. रेड्स एक घर खाली, कारण घरावर धाड आली की घरी असायचे एकटे दाजीच. या शेवटच्या दोन बदलांनी फारसा फरक पडला असं मला वाटत नाही. केले, राहिले.

विषावर सेटिंगची गरजच नव्हती. दहा मध, पाच थिसल, नेक नावाच्या सरड्याची एक शेपटी, दहा कोळसे हे कढईत घालून आंबवण्याच्या पिंपात ठेवलं की सहा बाटल्या होतात. एक घोट दहा मिनिटं पुरतो. दाजींना ही बाटली माहीत होती, पण त्यांना वाटायचं ती विष लागल्यावर घ्यायची. पाहुण्यांना निघताना ताक देतात तशी भाचीनं काठावर प्रत्येकवेळी ती द्यायला सुरुवात केली. आणि दाजी मेले की आम्ही गप्प राहायचं सोडलं. काहीही बोलायचं, सासवडचं लग्न, कांद्याचा भाव, काहीही. माझ्या मते या दोन गोष्टींचा गुण पट्टीइतकाच आला, पण ते वेगळं करून दाखवता येणार नाही. सगळं एकदम बदललं होतं. दुकानात मी असं करत नाही.

पुढच्या काही आठवड्यांत दाजी चौदा वेळा मेले. म्हणजे आधीच्यापेक्षा सावकाश, पण थांबले मात्र नाहीत, उलट एकट्यानं क्रिप्टमध्ये शिरायला लागले. एकदा तर मेल्या-मेल्या स्वतःच म्हणाले, "आलो, चहा ठेवा."

त्रास निघाला तो भलत्याच बाजूनं. भाचीच्या लक्षात आलं की पिशवी रिकामी करून मेलं तर सामान काहीच जात नाही आणि थेट घरच्या बिछान्यात उठता येतं. तुकडे नावेत भरले की ती चिलखत घालून ड्रॉगरच्या पुढ्यात जाऊन उभी राहायची. नाव आणायला उरायचे दाजी. दोन-तीनदा त्यांनी चालवून घेतलं. मग एका बुधवारी नाव धक्क्याला लावून त्यांनी शांतपणे विचारलं, "ही एस्टी रोज मिळणार का?" यावर पट्टी नाही. पेनल्टी वाढवली असती तर दाजीच सापडले असते. आमच्या ग्रुपवर नियम टाकला: मुद्दाम मेलेल्यानं पुढच्या बसणीची सगळी लाकडं तोडायची. भाचीनं पहिल्याच आठवड्यात दोन बसण्या कुऱ्हाड चालवली.

बोनमास या दलदलीच्या मुख्य राक्षसाशी मार्चच्या मध्यात गाठ पडली. त्याच्यावर बाण-भाल्यांचा फारसा उपयोग होत नाही, गदा लागते. दाजी पहिल्या दिवसापासून गदाच वापरत आलेत, त्यामुळं त्या रात्री पुढं तेच. दोनदा मेले. दोन्ही वेळा चिलखत आणि गदेसकट काठावरून धावत परत आले, दुसऱ्यांदा घाईत बाटली प्यायला विसरून. आम्ही दोघं लांब थांबलो नाही. राक्षस चिवट झाला असेल तर झाला.

मग मार्चएंड आला, दाजी पतसंस्थेत रात्री दहा-दहापर्यंत, आणि माझ्याकडं उन्हाळ्याच्या मोटारींची रांग. तीन आठवडे जग बंद. एप्रिलच्या पहिल्या रविवारी दुपारी ग्रुपवर त्यांचा मेसेज आला: "डोंगराला जाताना फायटिंग हार्ड करून बघूया का? मरण आहे तसंच ठेवा. नावेला हात लावायचा नाही."

खाली भाचीचं उत्तर: "पप्पा, तब्येत बरी आहे ना?"

मी दोन्ही फायली पेनड्राइव्हवर घेतल्या, चिठ्ठीवर तारीख टाकली आणि पट्टी एक घर वर सरकवली.